नववा फर्मा

खळ शिजत असताना कुणी बोलायचं नाही, असा तिच्या बाइंडिंगखान्यात नियम होता. मैदा पाण्यात कालवून मंद आचेवर चढवला की नजर हलवायची सोय नसते. बोलण्याच्या नादात एक गुठळी राहिली, तर ती पुस्तकाच्या पाठीत जन्मभर बोचत राहते. खळ काचेसारखी चमकायला लागली की शेवटी त्यात कुटलेलं मोरचूद पडायचं, चिमूटभर. निळं, सुंदर, जहरी. मोरचूद पडलं की कसरीची आणि झुरळांची त्या पुस्तकाकडे बघायची बिशाद नसते.

गावात तिला तोंडावर बाई म्हणायचे आणि पाठीमागे खळवाली. बाकीचे बाइंडर सर्रास सरस वापरायचे. सरस लवकर धरतो, पाठ टणक होते, गिऱ्हाईक खूश. पण सरस म्हणजे जनावरांची कातडी, हाडं आणि खूर उकळून केलेला चिकट रस. तो तिच्या उंबऱ्याच्या आत आला नाही. कुणी कारण विचारलं तर म्हणायची, "वास सोसत नाही." चाळीस वर्षं तेच एक उत्तर, आणि लोकही तेवढ्यावर गप्प बसत.

त्या सकाळी खळ शिजतच होती आणि दारात कादंबरीकार उभे राहिले.

तिने वर पाहिलं नाही. आवाजावरून ओळखलं. माणसाचे केस जातात, दात जातात, पण समोरच्याने आपल्यासाठी उठून उभं राहावं असं वाटायला लावणारा आवाज असतो ना, तो जात नाही.

"आत येऊ का?" ते म्हणाले.

कोपऱ्यात पानांच्या घड्या घालणारी भाची चटकन उभी राहिली. तिच्या हातातली घडी दाबायची पट्टी खाली पडली. बावीस वर्षांची पोर, बहिणीमागे मावशीनेच वाढवलेली. 'विद्युल्लता' ही कादंबरी तिने वाचनालयातून तीनदा आणून वाचली होती, आणि तिन्ही वेळा उशी ओली केली होती. तिने ओठांवर बोट ठेवून त्यांना गप्प राहायची खूण केली आणि स्वतःची खुर्ची पुसून पुढे केली. एवढा मोठा माणूस दहा मिनिटं पातेल्याकडे बघत मुकाट बसला. खळवालीने त्या दिवशी खळ जरा जास्तच शिजवली.

पातेलं उतरवून झाकल्यावर तिने हात पुसले. "बोला."

"ओळखलं नाहीस?"

"ओळखलं. काम काय आहे?"

काम असं होतं. 'विद्युल्लता'ला पंचवीस वर्षं पूर्ण होत होती. प्रकाशकाने जाड कागदावर पन्नास खास प्रती छापल्या होत्या. मोठ्या वाचनालयांना, विद्यापीठांना आणि मानाच्या माणसांना त्या द्यायच्या होत्या. हाताची शिलाई, चामड्याची पाठ, सोनेरी अक्षरं. "शंभर वर्षं टिकल्या पाहिजेत," कादंबरीकार म्हणाले. "सगळ्यांनी तुझंच नाव सांगितलं. एकच विनंती, सरस वापर. खळीला किडे लागतात म्हणे."

"माझ्याकडे सरस नाही. सरस हवा असेल तर समोरच्या बोळात दुसरा बाइंडर आहे."

"बरं, बरं. तू म्हणशील तसं." ते हसले. मग भाचीकडे वळून म्हणाले, "तुला ठाऊक आहे का मुली, ती नायिका कोण? प्रस्तावनेत लिहिलंय बघ, 'ही मुलगी मी डोळ्यांनी पाहिली आहे.' तुझी मावशी. बाई आणि जनावर यांचं नातं फार जुनं आहे. पुराणं काढ, लोककथा काढ. मी फक्त ते प्रेमकथेत आणलं." आणि खळवालीकडे बघून, देवाने वर द्यावा तसे म्हणाले, "तुझी घोडी मी अमर केली."

"मेली होती ती," खळवाली म्हणाली. "मेलेलीच राहू द्यायची होती. छापलेले फर्मे कधी पाठवताय?"

कादंबरीकारांना ते बोलणं विनोदी वाटलं. ते हसतच गेले.

ते गेल्यावर भाचीच्या तोंडाला खळ राहिला नाही. "मावशी, खरंच तू? म्हणजे वादळात घोडी त्याला औषध आणायला घेऊन जाते, आणि येताना दारातच कोसळते, आणि तू तिचं डोकं मांडीवर घेऊन म्हणतेस, 'हे माझंच दान होतं'…"

"मी असं काही म्हटलेलं नाही. असं कुणी बोलतं का, घोडी मरत असताना?"

"मग काय झालं होतं?"

"घड्या घाल," मावशी म्हणाली.

झालं होतं ते असं.

तिचा बाप घोडागाडी हाकायचा. आई लवकर गेली. घरात बाप, ती आणि धाकटी बहीण, आणि मागच्या पडवीत घोडी. घोडीचं नाव 'विद्युल्लता' नव्हतं. कुणाही येणाऱ्याजाणाऱ्याच्या खिशात तोंड घालायची म्हणून तिला सगळे 'आगाऊ' म्हणत. तांबूस अंगाची, एका कानाचं टोक फाटलेलं, आणि चालताना पोटातून कुरकुर आवाज करणारी. रोज संध्याकाळी बाप तिला खरारा करायचा आणि पोरी चाऱ्यावर बसून त्याच्याकडून गोष्टी ऐकायच्या. कुठे सापाशी लग्न लावलेली राजकन्या, कुठे हरणीने दूध पाजून वाढवलेली पोर. एक गोष्ट तिची फार आवडती होती. एका विधवेची गाय राजाने ओढून नेली आणि मारली. बाई रडली नाही. ती रोज मूठभर पीठ राजवाड्याच्या पायरीशी सांडायची. लोक म्हणाले, येडी झाली. पिठाच्या वासाने मुंग्या आल्या, मुंग्यांमागून वाळवी आली, वाळवी चढत चढत सिंहासनापर्यंत गेली, आणि एके दिवशी राजा भर दरबारात बसायला गेला तो भुईवर आपटला आणि मेला.

"बाबा, किती वर्षं लागली?"

"लागली असतील वीसेक. बाईला काय घाई होती?" बाप म्हणायचा. "गोष्टीत बाई आणि जनावर एकत्र आले ना, की शेवटी राजा मरतो. लक्षात ठेव."

वरच्या खोलीत एक कॉलेजात शिकणारा मुलगा भाड्याने राहायचा. गोरा, लांब बोटांचा, कविता करणारा. जिन्यात भेटला की दोन ओळी म्हणायचा. ती एकोणीस वर्षांची होती. तिच्याकडे बघून आजवर कुणी दोन ओळी म्हटल्या नव्हत्या, त्यामुळे त्या चांगल्या की वाईट ते तिला कळायला मार्ग नव्हता. बाप छातीच्या दुखण्याने अंथरुणाला खिळला होता, गाडी पडवीत उभी होती, आणि आगाऊ दिवसभर दावणीला कंटाळून भिंत चाटत होती. एके दिवशी मुलगा म्हणाला, "घोडी देशील? फक्त दुपारपुरती. फिरवून आणतो, तिचेही पाय मोकळे होतील."

तिने दिली. स्वतःच्या हाताने गाठ सोडून दिली. निळ्या दोऱ्याने टाके घातलेला लगाम तिनेच आगाऊच्या तोंडात चढवला. हे एवढं त्याच्या कादंबरीत खरं होतं, आणि म्हणूनच बाकीचं सगळं खरं वाटायचं.

मुलगा घोडीला फिरवायला न्यायला आलाच नव्हता. त्याची मित्रांशी पैज लागली होती, टेकडीवरच्या बंगल्यापर्यंत उन्हात एका दमात जायचं. महिनाभर उभी असलेली घोडी. वाटेत दगडांत तिचा पुढचा पाय मोडला.

संध्याकाळी तो परत आला तो सरळ तिच्या बापाच्या खाटेशी जाऊन बसला. म्हणाला, "काका, घोडी सुटून पळाली. मी खिडकीतून पाहिलं. दाव्याची गाठ ढिली होती. आम्ही सगळ्यांनी पुष्कळ शोधलं." आणि तिच्याकडे असं पाहिलं, की बोललीस तर सगळंच बोलावं लागेल. जिन्यातलंसुद्धा.

ती गप्प राहिली. या गोष्टीत तिचा गुन्हा एवढाच.

चौथ्या दिवशी शोधत शोधत ती गावाबाहेरच्या सरसाच्या कारखान्यापाशी पोहोचली. फाटकाशी खिळ्याला लगाम टांगला होता. निळे टाके. रखवालदार म्हणाला, "लंगडी घोडी होती, एक शिकलेला पोरगा सोडून गेला. पैसेसुद्धा मागितले नाहीत. म्हणाला, लवकर उरका. ती बिचारी माझ्या खिशात तोंड घालत होती."

ती धावत घरी आली तोवर वरची खोली रिकामी झाली होती. ती बापाला सांगायला गेली. बापाने भिंतीकडे तोंड फिरवलं. "जिला गाठ मारता येत नाही तिने तोंड उघडू नये," तो म्हणाला. पुढे पाच महिने जगला, पण तिच्याशी तेच त्याचं शेवटचं बोलणं. गाडी विकली, बहिणीचं लग्न झालं, आणि ती बाइंडिंगखान्यात कामाला लागली. पहिल्याच दिवशी सरसाचं भांडं उघडलं तेव्हा ती बाहेर जाऊन ओकली. तिथल्या म्हाताऱ्या मालकीणबाईंनी काही विचारलं नाही. मैद्याचा डबा तिच्यापुढे सरकवला आणि म्हणाल्या, "मग खळ शिक. अवघड असते. गाठी होऊ द्यायच्या नाहीत."

गाठींचं तिला चांगलंच कळत होतं.

फर्मे हातगाडीवरून आले. छापखान्यातून पुस्तक येतं ते पुस्तकासारखं येत नाही. मोठमोठे कागद येतात, एकेका कागदावर सोळा पानं छापलेली. तो एक फर्मा. त्याला घड्या घालायच्या, फर्मे ओळीने जुळवायचे, शिवायचे. 'विद्युल्लता'चे अठरा फर्मे होते. तिने गठ्ठे सोडले, नंबर बघितले आणि नववा फर्मा बाहेर काढून वाचायला बसली. बाइंडरने पुस्तक वाचायचं नसतं, वाचलं की घडी चुकते, असं मालकीणबाई म्हणायच्या. तिने त्या दिवशी वाचलं.

दान, वादळ, औषध, मांडीवर डोकं. बरोबर नवव्या फर्म्यात सगळं. आठवा फर्मा संपत होता तो नायकाच्या प्रश्नावर, 'फक्त दुपारपुरती. देशील?' आणि दहाव्याच्या अगदी पहिल्या ओळीत होतं, 'त्या दिवसानंतर त्या घरात कुणी कुणाशी बोललं नाही.' नायिकेच्या दुःखापोटी बोललं नाही, असं त्याला म्हणायचं होतं.

ती बराच वेळ दोन्ही कागद शेजारी शेजारी धरून बसली.

मालकीणबाई मरताना एवढंच बोलल्या होत्या, की पुस्तक कसलंही असो, त्याच्याशी बेइमानी करायची नाही. वाईट पुस्तकाचीसुद्धा शिलाई सरळ घालायची. हा शब्द तिने चाळीस वर्षं पाळला होता. पन्नास प्रती कच्च्या बांधून द्यायच्या, हे तिच्या हाताला जमलं नसतं. हातालाच लाज वाटली असती.

दुसऱ्या दिवशी तिने दोन पातेली चढवली. एकात नेहमीची खळ, मोरचुदासकट. दुसऱ्यात मैदा पातळ, दुधाइतका पातळ, आणि त्यात चार मुठी साखर. मोरचूद नाही. रुंद ब्रशने तिने नवव्या फर्म्याचे पन्नासच्या पन्नास कागद पुढून-मागून सारवले, दोरीवर वाळत घातले, आणि वाळल्यावर दाबयंत्राखाली ठेवले. कागद कडक झाले. छपाईची शाई तेलाची, तिला धक्का लागला नाही. वासही नाही, डागही नाही.

"मावशी, हे काय?"

"कागद नरम असला की त्याला पाणखळ देतात. ताठ होतो."

"पण सगळा कागद एकाच गठ्ठ्यातला आहे. हाच फर्मा नरम कसा?"

"हाच नरम आहे," मावशी म्हणाली. "हात लावून बघ."

भाचीने हात लावला नाही. तिने मावशीच्या तोंडाकडे पाहिलं आणि मग खाली मान घालून म्हणाली, "काल तू झोपेत बोलत होतीस. आगाऊ कोण?"

तेव्हा मावशीने तिला सांगितलं. दोरीवर कागद वाळत होते, आणि त्यांच्या खाली बसून पहिल्यांदा कुणाला तरी सगळं सांगितलं, जिन्यातल्या दोन ओळींसकट. भाची ऐकून घेऊन उठली, आणि न सांगता ब्रश उचलून उरलेल्या कागदांच्या कडा सारवू लागली. "इथे सुटलंय," एवढंच म्हणाली. वाचनालयातून आणलेली प्रत तिने दुसऱ्या दिवशी परत केली.

एक गोष्ट मात्र खळवालीने कादंबरीकारांच्या बाजूने ठेवली होती. जे पुस्तक लोक रोज उघडतात, हाताळतात, उन्हावाऱ्यात नेतात, त्याला कसर लागत नाही. कसर अंधारात येते, बंद कपाटात, मानाने ठेवलेल्या पुस्तकाला. 'त्याचं पुस्तक लोकांनी खरोखर वाचलं,' तिने स्वतःशी ठरवलं, 'तर माझा दावा संपला.' बाकी बांधणी तिने आयुष्यात केली नव्हती इतकी सुंदर केली. समारंभात मान्यवरांनी पाठीवरून हात फिरवला, पान एकही उलटलं नाही, आणि पन्नास प्रती पन्नास काचेच्या कपाटांत गेल्या.

मग ती थांबली. बाईला काय घाई होती?

नऊ वर्षांनी कादंबरीकार पुन्हा दारात आले. या वेळी काठी होती आणि काखेत फडक्यात बांधलेलं काहीतरी. खळ शिजत नव्हती, तरी ते दबकत आत आले. मग टेबलावर फडकं सोडलं. चामड्याची पाठ तुकतुकीत, शिलाई जशीच्या तशी, सोनेरी अक्षरं शाबूत. त्यांनी मधोमध पुस्तक उघडलं. नवव्या फर्म्याच्या जागी जाळी होती. पानांची चाळण, बारीक राखाडी भुगा, आणि शिलाईच्या दोऱ्याला चिकटून राहिलेल्या कागदाच्या दोन-चार चिंध्या. एक चंदेरी कसर दचकून पळाली. आठव्या आणि दहाव्या फर्म्याच्या कडा थोड्या कुरतडल्या होत्या, अक्षराला धक्का नव्हता.

"विद्यापीठातल्या प्रतीचंही हेच. दोन्ही मोठ्या वाचनालयांचंही हेच," ते म्हणाले. "नेमका हाच भाग."

"किड्यांना चव असते," भाची कोपऱ्यातून म्हणाली. ती आता तिशीची होती, आणि खळ तीच शिजवायची.

"नवी आवृत्ती निघते आहे. जुन्या साध्या प्रती पिवळ्या पडून रद्दीत गेल्या, प्रकाशकाकडेही एक उरली नाही, हस्तलिखित कुठे गेलं मला आठवत नाही." ते खाली बसले. "बाइंडरकडे वाढीव फर्मे राहतात. चार-पाच कागद जास्त येतातच. तुझ्याकडे असतील."

"होते."

"होते म्हणजे?"

"शाळेच्या हजेरीपटांना पाठीच्या आतून अस्तर लागतं. त्यात गेले. चौथीच्या वर्गात असेल तुमचं दान, पाचवीत वादळ." तिने पुस्तक मिटून त्यांच्याकडे सरकवलं. "चांगलं घट्ट बसलंय. निघायचं नाही."

कादंबरीकारांनी काठीवर दोन्ही हात ठेवले. "तू केलंस हे."

"मी मैदा लावला. खाल्लं त्यांनी. तुमचं पुस्तक कुणी नऊ वर्षांत एकदा उघडून वाचलं असतं तर एक अक्षर गेलं नसतं."

हे मात्र लागलं. त्यांचा चेहरा एकदम म्हातारा झाला.

"मी पुन्हा लिहायला बसलो होतो," ते म्हणाले. "जमत नाही. आधी काय लिहिलं होतं ते आठवत नाही, आणि आता लिहायला घेतलं की डोळ्यांसमोर ते फाटकच येतं. सरसाच्या कारखान्याचं. तिने माझ्याही खिशात तोंड घातलं होतं." त्यांनी वर पाहिलं. "या खेपेला खरं लिहितो. वाटेल ते कबूल करतो. पण घरात काय झालं, तुझे वडील काय म्हणाले, तू कशी… ते मला माहीत नाही. तेवढं तू सांग. एकच दुपार. मी इथे बसतो, तू बोल. देशील एवढं?"

भाचीचा हात जागच्या जागी थांबला.

खळवालीने त्यांच्याकडे पाहिलं. तोच आवाज. तेच मागणं, जवळजवळ त्याच शब्दांत, आणि मागणाऱ्याला त्याची दादही नाही. एकोणीस वर्षांची असताना जे उत्तर द्यायला हवं होतं ते इतकी वर्षं तिच्या पाठीत गुठळीसारखं बोचत होतं.

"नाही," ती म्हणाली.

"खरं लिहिणार आहे मी. तुझ्याच बाजूने."

"कुठल्याही बाजूने नको. एकदा तुम्हाला माझं जनावर दिलं होतं दुपारपुरतं, ते तुम्ही परत आणलं नाही. आता गोष्ट देणार नाही."

"म्हणजे पुस्तक असंच राहील? मधे भोक पडलेलं?"

तिने पुस्तक पुन्हा उघडलं, भुगा फुंकून टाकला, आणि आठव्याचं शेवटचं पान व दहाव्याचं पहिलं पान शेजारी शेजारी सपाट केली. "पोरी, वाच गं."

भाची हात पुसत आली आणि उभ्याउभ्या वाचू लागली. "'घोडी देशील?' तो म्हणाला. 'फक्त दुपारपुरती. देशील?'" तिने बोट पलीकडच्या पानावर नेलं. "'त्या दिवसानंतर त्या घरात कुणी कुणाशी बोललं नाही.'"

"असंच छापा," खळवाली म्हणाली. "एवढं बरोबर आहे."

कादंबरीकारांनी त्या दोन ओळी स्वतः एकदा वाचल्या. मग त्यांनी पुस्तक फडक्यात बांधलं. गाठ मारायला गेले, ती दोनदा सुटली. खळवालीने मदत केली नाही. ते गेल्यावर तिने टेबलावरचा राखाडी भुगा तळहाताने गोळा केला, दारापाशी नेऊन पायरीवर सांडला, आणि आत येऊन चुलीवर पातेलं ठेवलं.

"मैदा आण," ती भाचीला म्हणाली. "आणि आता बोलू नकोस."